कपाटातलं शेवटचं गाणं

ताई: चहा गार झाला. दुसऱ्यांदा.

वायरमन: थांब ताई, टेप चालूच आहे. हं, दाबलं बटण. ये गं बाहेर. हळू, डोक्याला दांडी लागेल. बोलू नकोस, नुसती हाताने सांग. झालं मनासारखं?

बायको: झालं.

वायरमन: अगं, हाताने म्हटलं ना!

बायको: आता कुणासाठी वाचवायचा? दोन दिवस तोंड शिवून बसले ते या गाण्यासाठीच. ते झालं. उद्या घसा काढतील ते काढोत.

ताई: असं अभद्र बोलू नये. आणि फ्रिज चालू केलास का रे? तुमच्या गाण्यापायी दूध नासेल.

वायरमन: मेन वर केला ताई, म्हणजे सगळंच चालू झालं.

ताई: होय बाबा, तू वायरमन, मला कुठलं कळायला. मी आपली स्वयंपाकघरात घामाघूम. पंखा नाही, दिवा नाही, घड्याळसुद्धा पिठाच्या डब्यात. का, तर वहिनी कपाटात शिरून गाणार! तुझी थोरली बहीण हॉस्पिटलची पिशवी भरायला आली आणि तिला म्हणे श्वाससुद्धा हळू घे.

वायरमन: फ्रिज घुमतो ना. ट्यूब कुणकुण करते. सगळं कॅसेटवर येतं. मेन खाली केला की घर कसं मुकं होतं.

ताई: मोबाइलवर केलं असतंत तर आतापर्यंत साऱ्या गावाने ऐकलं असतं.

बायको: मोबाइलमध्ये दुसरीच बाई गाते, ताई. धुऊन, इस्त्री करून ठेवलेली. दिवसभर लाँड्रीत मी तेच करते. घरी येऊन आवाजाला पण इस्त्री मारू?

ताई: बघा, बोलायला लावलं की गाडी सुटली! बाकी तुझ्या गाण्यांचे विषय तरी काय गं. गिऱ्हाइकाच्या खिशात सापडलेल्या बटणावर गाणं. अडकलेल्या लिफ्टवर गाणं. उद्या माझ्यावर करशील.

बायको: केलंय. दुसऱ्या बाजूला, पहिलंच.

ताई: चांगलं काही आहे का त्यात?

बायको: चाल चांगली आहे.

वायरमन: हसू नकोस, खोकला येईल! हे बघ, आलाच. पाणी घे. घोट घोट.

ताई: पाठ चोळ तिची. मी म्हणते, त्या गाण्याच्या क्लासच्या बाईंनी तेव्हा तोंडावर सांगितलं होतं ना, की तुम्ही ऐकायला या, मागे खुर्ची देऊ. मग कशाला हा अट्टाहास? डॉक्टरांनी महिन्यापूर्वी म्हटलं होतं, घशात गाठ आहे, ऑपरेशन लगेच करून घ्या. तुम्ही दोघांनी पुढे ढकललंत. या कॅसेटपायी.

वायरमन: ताई, तो विषय आज नको.

ताई: आज नको तर कधी? संध्याकाळी भरती आहे.

बायको: लावा ना. ऐकू द्या मला एकदा. मग जाते.

वायरमन: लावतो. मागे घेऊ दे. हं. बस इथे, माझ्याजवळ.

टेप: "...दाबलं गं. रजई नीट गुंडाळ मशीनला, नुसतं तोंड उघडं ठेव. दार लावतो. मी टकटक केलं की सुरू कर..."

ताई: तुझा आवाज बरा येतो रे.

वायरमन: श्शू.

टेप: "चहा गार झाला. दुसऱ्यांदा."

वायरमन: हे काय?

टेप: "थांब ताई, टेप चालूच आहे..."

बायको: गाणं कुठंय?

वायरमन: थोडं पुढे गेलं असेल.

ताई: पुढे कसं जाईल? चहाचं मी शेवटी बोलले.

वायरमन: मग मागे असेल. आधीच्या गाण्याच्या... थांब. थांब जरा. कॅसेट अडकली असेल.

बायको: अहो, गाणं कुठंय?

वायरमन: बघतो ना!

ताई: ओरडतोस काय तिच्यावर?

वायरमन: ओरडत नाही. हे बघ, इथे दार लावल्याचा आवाज. आणि त्याला चिकटून लगेच तू. मधे काहीच नाही. टकटक पण नाही. दार लावलं, मी पॅसेजमध्ये गेलो, मेन...

ताई: मेन काय?

वायरमन: अरे देवा.

बायको: काय झालं?

वायरमन: काल जुनी गाणी ऐकताना सेल उतरले होते. आठवतं ना, कॅसेट रेंगाळत होती, तुझा आवाज पुरुषासारखा जड येत होता. म्हणून आज... आजचं गाणं शेवटचं, त्यात खोट नको म्हणून मी सेल काढले. वायर लावली. दाराच्या फटीतून बाहेर आणून बोर्डावर.

ताई: बरं मग?

वायरमन: मग मेन खाली केला. नेहमीसारखा.

ताई: म्हणजे फ्रिज बंद, पंखा बंद...

वायरमन: आणि टेप बंद. गाणं संपल्यावर मेन वर केला तेव्हा ती आपोआप पुन्हा फिरायला लागली. म्हणून तर मला चालू दिसली.

ताई: अरे, वायरमन ना तू! दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा असा!

वायरमन: मार मला. पायातली काढ आणि मार. लोकांच्या घरी जाऊन शहाणपणा शिकवतो, आधी मेन बघा, मेन बघा.

बायको: मी एवढं गायले. डोळे मिटून. इतकं चांगलं कधीच जमलं नव्हतं मला.

वायरमन: माहितीये गं. मी दाराशी कान लावून होतो.

बायको: वरची ओळ लागली. कधी लागत नाही, ती लागली.

वायरमन: माहितीये.

बायको: ती हँगरनी ऐकली. हँगरनी आणि माझ्या हिवाळी कपड्यांनी.

ताई: वहिनी, रडू नकोस. घसा सुजेल.

वायरमन: पुन्हा करू. आत्ता. मी कोपऱ्यावरून नवे सेल आणतो, पळत जातो आणि येतो. तू तोवर कोमट पाणी घे. पुन्हा गाशील ना?

बायको: दारातून... दा...

ताई: अगं थांब, अगं!

बायको: दारातून विचार...

वायरमन: थांब, थांब. हवाच येतेय नुसती. पाणी घे. पुन्हा. हळू, खालच्या पट्टीत.

ताई: पुरे कर! रक्त आलं रुमालाला, दिसत नाही तुला?

वायरमन: थोडंसंच आहे. नेहमी येतं तेवढंच. ताई, डॉक्टरांना फोन केला तर? दोनच दिवस. दोन दिवस ती गप्प राहिली की येतो आवाज, आज आला तसा. तिसऱ्या दिवशी भरती करू. फोन दे माझा.

ताई: खबरदार!

बायको: विचारा... ना... त्यांना.

ताई: तूसुद्धा? अगं, जीव जाईल!

बायको: दोन... दिवस.

वायरमन: ऐक, ती स्वतः म्हणतेय. महिना गेला तर दोन दिवसांनी काय होतंय? सोमवारी गाणं, मंगळवारी... हा काय नंबर. लागतोय. वाजतोय.

ताई: कर, कर फोन. तुझ्या चुकीपायी ती गाठ अजून दोन दिवस वाढू दे आतल्या आत. आणि मग डॉक्टर म्हणाले की आता काढून उपयोग नाही, तर ती कॅसेट उशाशी घेऊन नीज तू.

(वायरमन फोन कानावरून काढतो.)

ताई: काय रे? उचलला का त्यांनी?

वायरमन: ठेवला मी. ताई बरोबर बोलतेय गं. नको. माझ्याकडे असं बघू नकोस. महिन्यापूर्वीच नको म्हणायला हवं होतं मी. तुझी गाणी ऐकत बसलो. चटक लागली होती मला. लाँड्रीतून यायचीस, कपाटात शिरायचीस आणि आतून रोज नवीनच बाई गायची. पण मला गाणं नको. तू हवीस. मुकी तर मुकी.

बायको: मग... हाक... मारा...

ताई: काय म्हणतेय? मला नीट कळत नाही.

वायरमन: मला कळतं. मी कामावरून आलो की दारातूनच हाक मारतो. आहेस का? हिची शिफ्ट कधी सकाळची, कधी दुपारची. आत असली की ही म्हणते, आहे. एवढंच. त्यावरच केलं होतं हे गाणं. म्हणाली, उद्यापासून तुम्ही हाक माराल आणि घरातून काहीच येणार नाही. तेव्हा हे लावायचं.

ताई: हो. दारातून विचारतोस, आहेस का घरात.

वायरमन: काय?

ताई: आहे रे, जाते कुठे, इस्त्री माझ्या हातात.

वायरमन: तुला कसं माहीत?

ताई: मी काय बहिरी आहे? घर मुकं केलं होतंत तुम्ही. कपाटातलं अक्षर न् अक्षर येत होतं स्वयंपाकघरात. म्हणून तर चहा गार झाला. एरवी अहो-जाहो आणि गाण्यात बरी अरे-तुरे करतेस गं नवऱ्याला.

वायरमन: पुढचं? पुढचं आठवतंय?

ताई: रोज तेच विचार, मला कंटाळा नाही येत. आहे म्हणताना माझं काही नाही जात.

वायरमन: हीच. हीच वरची ओळ.

ताई: ती म्हणाली तशी मला नाही येणार. मी नुसतं सांगेन. भाजी सांगावी तसं.

वायरमन: सांग. टेपमध्ये सांग. वायर बोर्डातच आहे. तू काय म्हणतेस गं? मान हलवतेय. हो म्हणतेय की नाही म्हणतेय, ताई?

ताई: कपाटाकडे हात करतेय.

वायरमन: आत बसायचंय? बरं. ये. हँगर वाजवून ताल धरणार ना, नेहमीसारखी? ये, डोकं सांभाळ. दार उघडंच ठेवतो.

ताई: फ्रिज बंद कर की आता. घुमतोय.

वायरमन: नको. मेनला मी हात लावत नाही.

ताई: अरे, नुसती फ्रिजची पिन काढ.

वायरमन: काही काढत नाही मी आज. राहू दे घुमत. दाबतो हं. दिवा लागलाय, कॅसेट फिरतेय. दोनदा बघितलं. सांग, ताई.

ताई: दारातून विचारतोस, आहेस का घरात... आहे रे, जाते कुठे, इस्त्री माझ्या हातात. रोज तेच विचार, मला कंटाळा... मला... नाही रे, माझ्याच्याने नाही होत. तू म्हण. तुझंच आहे ते.

वायरमन: मला गाता येत नाही.

ताई: गाऊ नकोस. रोज विचारतोस तसं विचार.

वायरमन: अगं... आहेस का?

(कपाटातून एक हँगर दांडीवर वाजतो. थोड्या वेळाने पुन्हा एकदा.)

ताई: खाली गाडी वाजली. आली बघ न्यायला.

वायरमन: थांबू दे त्यांना. मागे घेतो. एवढं ऐकूनच निघू. तू इथे बस, माझ्याजवळ. ताई, तू पण बस.

टेप: "...अगं... आहेस का?"

वायरमन: फ्रिजच घुमतोय नुसता. गेलं हेही. मीच घालवलं पुन्हा.

ताई: गप्प बस. फ्रिजच्या मागे ऐक. कान लाव.

(वायरमन टेपला कान लावतो.)

ताई: आहे का?

वायरमन: आहे.