चष्म्याच्या दुकानातली भाषा

मी: बाबा, तुम्हाला आपल्या भाषेची लाज वाटते का?

बाबा: काय?

मी: एका दमात विचारलंय, परत विचारायला लावू नका. वाटते की नाही?

बाबा: आधी ती बारीक पकड दे इकडे. हं. आणि हा प्रश्न तुझ्या डोक्यातला नाही. कोणी पढवलंय?

मी: माझ्या मैत्रिणींनी, चिमणीने आणि उंटीने. पैज लागलीय. मी विचारलं तर उंटी आठवडाभर माझं दप्तर वाहणार, नाही विचारलं तर मी तिचं. ती दप्तरात विटा भरून आणते की काय कोण जाणे.

आई: शटर अर्धं खाली आलं नाही तोवर सुरू झाली ही! अगं, दिवसभर उभा असलेला माणूस, जरा टेकू तरी दे.

मी: शटर अर्धं यायचीच तर वाट बघत होते, आई. ते खाली आल्याशिवाय इथे आपल्या भाषेत बोलायचं नाही, हा तुमच्या दोघांचाच नियम ना? की दुपारी गिऱ्हाइकांसमोर इथल्यांच्या बाजारभाषेत विचारायला हवं होतं?

बाबा: ठके, आवाज.

मी: बघा! बघा, हेच! दुकानात कोणी नाही, तरी तुमचा हात खाली गेला. रेडिओचं बटण पिळल्यासारखा. चिमणी म्हणते, तुझे बाबा बाजारभाषेत बोलतात तेव्हा छाती काढून बोलतात आणि तुझ्या आईशी बोलतात तेव्हा औषधाच्या बाटलीवरचं वाचल्यासारखे.

आई: ती चिमणी ना, एक दिवस माझ्या हातचा मार खाणार आहे.

बाबा: पण आजच का हे?

मी: कारण आज आम्ही तिघी त्या बाकावर बसलो होतो, ते आजोबा आले तेव्हा. करड्या कोटातले.

बाबा: कोण? असतील कोणी.

मी: असतील कोणी काय! चांगला अर्धा तास होते. त्यांना सुनेचा फोन आला आणि ते तिच्याशी आपल्या भाषेत बोलले. फर्डं. ‘हो गं, पोचलो गं, नको काळजी करूस.’ आम्ही ऐकलं. तुम्हीही ऐकलंत, कारण तुमचा हात फ्रेमवर तसाच थांबला. आणि मग त्यांनी फोन ठेवला आणि तुमच्याशी मोडक्यातोडक्या बाजारभाषेत बोलायला लागले, आणि तुम्ही त्यांच्याशी अगदी ठेवणीतल्या. एकाच भाषेची दोन माणसं, आणि मधे तिसरीच भाषा पाहुण्यासारखी बसलेली! उंटीला हसू आवरेना. मला नाही हसू आलं.

बाबा: गिऱ्हाईक ज्या भाषेत बोलतं त्या भाषेत दुकानदार बोलतो. त्यात लाज कसली?

मी: मग त्यांचा नंबर एवढा वाढला कसा?

बाबा: ...वय आहे. वाढतो.

मी: ते बाकावर बसून दारातून बाहेर बघत होते ना, तेव्हा कोपऱ्यावरून येणाऱ्या बसचा नंबर त्यांनी आमच्या आधी वाचला. आकडा, बाबा! एवढ्या लांबून! आणि तुमच्या खुर्चीत बसल्यावर तिसऱ्या ओळीतलं बोटाएवढं अक्षर दिसेना. तुम्ही काच बदलली, धूसर. आणखी जाड लावली, धूसर. त्यांना दिसत होतं. ती अक्षरं येत नव्हती, एवढंच. त्या तक्त्यावर सगळी बाजारभाषेची अक्षरं आहेत.

आई: अहो? खरं म्हणते का ही?

बाबा: मशीनने वेगळा आकडा दिला होता. पण चष्मा घालणार माणूस. मी मशीनपेक्षा माणसाचं ऐकतो, नेहमीच.

मी: ऐकलंत कुठे? दोघंही दुसऱ्यांच्या भाषेत बोलत होतात.

आई: ठके, जरा दमाने. बापाशी बोलते आहेस.

बाबा: बोलू दे तिला. मला शंका आली होती. आली होती, नाही म्हणत नाही. पण करायचं काय? अक्षरं न येणाऱ्यांसाठी आपल्याकडे खुणांचा तक्ता आहे. काटा वर, काटा खाली, बोटाने दाखवा. तो काढला की समोरच्याला वाटतं, आपल्याला अडाणी समजले. मागे आपल्यापैकीच एका बाईंसमोर मी तो धरला. पर्स उचलली आणि चालू लागल्या. जाताना म्हणाल्या, मी चार पुस्तकं लिहिली आहेत. आपल्या भाषेत लिहिली होती, मला नंतर कळलं.

मी: मग आपल्या भाषेत विचारायचं ना! ‘आजोबा, ही अक्षरं तुमची नाहीत का? थांबा, तुमची आणतो.’ संपलं!

बाबा: संपलं नसतं. सुरू झालं असतं. तू नव्हतीस तेव्हाची गोष्ट सांगतो. नवं दुकान. खुर्चीत एक गृहस्थ, घरून फोन आला म्हणून मी आपल्या भाषेत दोन शब्द बोललो. दोनच. ते उठून उभे राहिले. म्हणाले, ज्याला आमची भाषा धड बोलता येत नाही तो आमचे डोळे काय तपासणार? डोळे तपासायची परीक्षा मी त्याच भाषेत दिलेली, पहिल्या वर्गात पास झालेलो. प्रमाणपत्र त्यांच्या डोक्यावर टांगलेलं. त्यांनी वर बघितलंही नाही.

आई: आणि जाऊन चौकात सांगितलं. महिनाभर इथे माशी फिरकली नाही. तेव्हा ठरवलं हो आम्ही, शटर वर तर बाजारभाषा. आपापसातसुद्धा. मी काच घासताना बोट कापून घेतलं होतं एकदा, आठवतं का हो? रक्ताची धार लागली आणि मी ओरडले ते बाजारभाषेत. कळ आपल्या भाषेत आली आणि किंकाळी भाषांतर करून बाहेर! गिऱ्हाईक काय म्हणालं माहीत आहे? म्हणालं, उच्चार किती स्वच्छ आहेत तुमचे.

मी: आई! हे हसण्यासारखं आहे का?

आई: रडून झालंय गं. आता हसायचंच उरलंय.

बाबा: हे सगळं कोणासाठी केलं? तुझ्यासाठी. तुला शाळेत आज कोणी बाहेरची म्हणत नाही.

मी: म्हणतात की.

बाबा: कोण म्हणतं?

मी: तोंडावर नाही म्हणत. ‘तू बोलतेस तेव्हा कळतसुद्धा नाही हं’ असं म्हणतात. कौतुकाने! काय कळत नाही, ते मी कधी विचारलं नव्हतं. आता विचारते. चांगली गोष्ट ही की मला आता भीती वाटत नाही. बाबा, मी गणित बाजारभाषेत करते. नऊ सत्ते मला आपल्या भाषेत आठवतच नाहीत. भांडते मी आपल्या भाषेत, कारण त्याशिवाय मजाच नाही. आणि उंटीच्या घरी तिसरीच भाषा आहे, तिच्या आजीशी बोलून बोलून मला तीही येते. या तिन्हींतली एक काढून घेतली तर उरेल ती मी नाही, कोणीतरी अर्धवट मुलगी असेल. तुम्ही मात्र रोज सकाळी शटर वर करता आणि अर्धे बाबा घरी ठेवून येता.

आई: अहो, पकड खाली ठेवा. वाकवून टाकाल ती दांडी.

बाबा: त्यांची काच उद्या सकाळी कापायची आहे.

मी: म्हणजे अजून कापली नाही?

बाबा: नाही.

मी: हुश्श! मग सोपं आहे. तो जाड चष्मा लावून ते आजोबा जिना उतरले असते ना, तर पायरी इकडे आणि पाय तिकडे. त्यांना परत बोलवा. आणि हे घ्या.

बाबा: हे काय?

मी: तक्ता. आपल्या अक्षरांचा. आम्ही तिघींनी संध्याकाळी काढला, चिमणीच्या जिन्यात बसून. खाली अजून एक आहे तो उंटीच्या भाषेचा. तिच्या आजीलाही तुम्हीच चष्मा दिलाय, आणि ती तो उशीखाली ठेवते, डोळ्यांवर नाही.

बाबा: हा तक्ता? ठके, तिसऱ्या ओळीतली अक्षरं दुसऱ्या ओळीपेक्षा मोठी आहेत!

मी: तिसरी ओळ उंटीने काढली. तिचा हात जाड आहे.

बाबा: असं नसतं गं. प्रत्येक ओळीचं माप ठरलेलं असतं, अंतराच्या हिशोबाने. रेघेची जाडी, आतली पोकळी, सगळं मोजून. आणि ही अक्षरं कोणी निवडली? ही दोन शेजारी ठेवलीत, लांबून एकसारखी दिसतात. चांगल्या डोळ्यांचा माणूसही इथे चुकेल. आणि डोक्यावर मात्रा असलेलं अक्षर नको, उंची बिघडते. पट्टी कुठे आहे? नाही, ती नको, पोलादी. आणि काळी शाई दे, ही निळी चालणार नाही.

आई: झालं. आज जेवण थंड होणार.

मी: बाबा, पट्टी नंतर. आधी फोन.

बाबा: उद्या करतो. आत्ता जेवायला बसले असतील.

मी: आत्ता, बाबा. उद्या सकाळी शटर वर असेल.

(बाबा फोन लावतात. आई कोपऱ्यात चालू असलेला रेडिओ बंद करते.)

बाबा: नमस्कार. चष्म्याच्या दुकानातून बोलतोय. हो, दुपारी आपण आला होतात. नाही, तयार नाही झाला अजून, त्याबद्दलच...

मी: आई, बाजारभाषेतच बोलतायत!

आई: थांब गं. गाडी गिअर बदलेल.

बाबा: म्हणजे असं आहे... जरा... आजोबा, खरं सांगू का? तुमचा नंबर मी चुकीचा काढलाय.

मी: बदलली! आई, बदलली!

आई: शू! हात सोड, नखं लागतायत.

बाबा: हो. हो, आपलीच. आमच्या घरी हीच बोलतात. ...नाही, नाही, तुमची काही चूक नाही. चूक माझी. तक्ता चुकीचा लावला मी. ...काय म्हणता? ...कधी? ...अरे देवा. ...नाही हो, अडचण कसली. ...मास्तर होतात? कुठल्या वर्गाला? ...हो. हो, या ना. उद्या संध्याकाळी या. सूनबाईंनाही घेऊन या. ...ठेवतो. नमस्कार.

मी: काय म्हणाले? ‘अरे देवा’ कशाला म्हणालात?

बाबा: त्यांनी मला ओळखलं होतं.

आई: म्हणजे?

बाबा: मी ‘या, बसा’ म्हणालो ना, त्या दोन शब्दांच्या हेलावरूनच ओळखलं म्हणाले. हा आपला माणूस.

मी: मग बोलले का नाहीत?

बाबा: म्हणाले, तुम्ही बोलत नव्हतात. बाकावर मुली बसल्या होत्या, आणखी गिऱ्हाइकं होती. वाटलं, कळू द्यायचं नसेल. तुमच्या धंद्यात कशाला खोडा घालू.

आई: बाई गं.

बाबा: पहिलीचे मास्तर होते. जन्मभर मुलांना अक्षरं शिकवली. आणि खुर्चीत बसून मला वाचता येत नाही, हे म्हणवेना त्यांना. मला सांभाळायला ते गप्प, आणि त्यांना सांभाळायला मी. आणि दोघांनी मिळून चुकीचा चष्मा केला.

आई: प्या पाणी.

बाबा: नको. ठके, तो तक्ता मी नीट काढतो. मोजून. आणि या खणात ठेवू. आपलं कोणी आलं की काढायचा.

मी: खणात?

आई: नाहीतर मागच्या खोलीत लावू. पडद्याआड. तिथे उजेडही बरा आहे.

मी: म्हणजे मास्तरांना पडद्यामागे नेणार? चोरून वाचायला?

बाबा: ठके, समजून घे. समोरच्या भिंतीवर लावला तर आत येणारा प्रत्येक माणूस वाचेल, हे दुकान कोणाचं ते.

मी: अक्षरं येत असतील तर वाचेल.

आई: आगाऊपणा पुरे!

मी: आगाऊपणा नाही, आई. माझं ठरलंय, आणि तुम्हा दोघांना सांगते. तक्ता समोरच्या भिंतीवर लागणार. आहे त्याच्या शेजारी, त्याच उंचीवर, आणि पलीकडे उंटीच्या भाषेचा. तिन्ही एका ओळीत. शनिवारी अर्धी शाळा असते, तेव्हा मी दुकानात बसणार. येईल त्याला आधी एकच विचारणार, तुम्ही वाचता कुठल्या भाषेत? मग खुर्ची. शटर वर असताना विचारणार, आणि आवाज खाली करणार नाही.

बाबा: आणि कोणी उठून गेलं तर? तेव्हासारखं?

मी: जाऊ दे की. मी त्यांच्या मागे जाईन.

आई: रस्त्यावर? आणि काय करशील?

मी: त्यांच्याशी बोलेन. त्यांच्या भाषेत, अगदी ठेवणीतल्या. सांगेन, परत या, तुमचा तक्ता कोणी काढलेला नाही, आमचा फक्त शेजारी लावलाय.

बाबा: एवढं बोलता येईल तुला, त्यांच्यासमोर?

मी: येईल, बाबा. तुम्हीच तर शिकवलीत.