कानोचा मोठा प्रोड्यूसर

— छे हो गिरीशसाहेब, तुमच्या फोनचा डिस्प्ले कधीच बदलून ठेवलाय, पण चालू करून बघायला गेलो तर आत हेच थोबाड! बशीरू! कुणी पाठवला तुम्हाला हा सिनेमा — ऑफिसातल्या नायजेरियनाने? आमच्या कानोचा मोठा लेखक, मोठा प्रोड्यूसर, असंच सांगितलं असेल. हॅ! अहो, इथे जेद्दात, अझीझियातल्या याच दुकानात फरशी पुसायचा तो. तेव्हा मोबाइल कुठले, मी कॅसेटी भाड्याने द्यायचो. हा उमऱ्याच्या यात्रेला आला नि राहून गेला — ना राहायच्या परवान्याचा इकामा, ना जामीन राहणारा कफील. टीव्हीवर हिंदी पिक्चर लागला की झाडू कोपऱ्यात, आणि "मोहियुद्दीनभाई, ती का रडते? बाप काय बोलला?" मी आपला मोडक्या अरबीत सांगायचो, आणि हा मेला वहीत उतरवून घ्यायचा. झाला लेखक!

तिकडे कानोला परत जाऊन आधी दुसऱ्यांना स्टोऱ्या विकल्या, मग लग्नं शूट करणाऱ्याचा कॅमेरा मागून आणला आणि स्वतःच प्रोड्यूसर. एकवीस सिनेमे, साहेब! सगळ्यांत तेच — खाष्ट सासू, एक मोटारसायकल, सहा गाणी. सातव्या सिनेमात तर हिरॉईनची ओढणी एकाच गाण्यात दोनदा बदलते, आणि या गाढवाला — काय? हो, बघितलेत. सगळे बघितलेत. गिऱ्हाईक नसलं की माणसाने करायचं काय?

हा सोडून. यात म्हणे जेद्दाचं दुकान आहे. आत्ता तुमच्या फोनवर शटर दिसलं, मी बंदच केला. तुम्ही शेवटपर्यंत बघितलात ना? खाली इंग्रजी लिहिलेलं असतं, तुम्हाला कळलं असेल. नाही, आपलं सहज विचारतो.

त्या दिवशी बशीरू चहा आणायला गेला होता. अजान झालेली, नमाजापुरतं शटर नेहमीसारखं अर्धं खाली. तेवढ्यात गल्लीत पोलिसांची गाडी. हा दोन्ही हातांत ग्लास घेऊन पळत आला — मूर्ख, ग्लास तरी टाकायचे! — आणि मी... ओढलं खाली. आतून कुलूप. माझा इकामा तरी कुठे सरळ होता? कफील एक, काम दुसऱ्याकडे. दोघेही गेलो असतो. गावाला बायको इस्मत, बहीण मेहनाजचं लग्न तोंडावर — तुम्ही काय केलं असतंत? बोला ना! तीनदा ठोकलं त्याने. "भाई" म्हणाला. मग नाही ठोकलं.

त्या शटरामागे मी वीस वर्षं काढली, आणि आता सरकार म्हणतं, मोबाइलच्या दुकानात फक्त सौदीच. खलास. उद्या माझं एक्झिट, कायमचा गावाला. घ्या!

जाऊ दे. दुकानदार कसा दाखवलाय तेवढं सांगा. हरामखोर ना? दाखवू दे, मला फरक पडत नाही. सांगा की —

उचलतो?

शटर उचलतो? आत घेतो त्याला? आणि चहा... दोघं बसून पितात?

खोटं! धादांत खोटं! सांगितलं ना तुम्हाला, अक्कल नाही त्याला, काडीची नाही. असं कुठे असतं? कोण उचलतं? त्याला माहीत नाही? त्याला तर माहीत आहे!

घ्या हा फोन. नको, पैसे राहू देत. ऐका, अजान झाली, शटर ओढायचंय मला. नाही, थांबू नका — तुम्ही आधी बाहेर व्हा.