मालनबाईच्या बंडीवरचा विस्तव

(डिसेंबर १९४८. काचीगुडा स्टेशनसमोर मालनबाईची मिरचीभज्यांची हातगाडी. गल्लीच्या भाषेत ‘बंडी’. सकाळची वेळ.)

सावित्रीबाई : ...आणि चांगले रसरशीत निखारे द्या हो, मालनबाई. नुसती राख नको. पहाटे सुटली आमची सून. मुलगी झाली. एवढीशी! ओंजळीत मावेल.

मालनबाई : देते की. घमेलं पुढं करा. भामाची दोन गेली, त्यावर ही तिसरी. आवाजाला कशी हाय?

सावित्रीबाई : मांजरीच्या पिल्लासारखी. सुईण म्हणाली, ऊब कमी पडू देऊ नका. मी म्हटलं, ती काळजीच नको. चाळीस वर्षं आमच्या गल्लीत बाळंतिणीची शेगडी पेटते ती या बंडीवरच्या विस्तवानं. मुसी नदीच्या तुगयानीत, त्या महापुरात, सगळं शहर वाहून गेलं, पण हा विस्तव वाचला. आमच्याकडे शिवाशिव केवढी! पण ह्याला माझ्या सासूबाईंनीसुद्धा कधी नको म्हटलं नाही.

मालती : सावित्रीकाकू, थांबा! मालनमावशी, घालू नका!

सावित्रीबाई : अगं मालती, कडेवर पोर घेऊन धावतेस काय? काय झालं?

मालती : घमेलं... घमेलं ओलं आहे, काकू.

सावित्रीबाई : ओलं? कुठं ओलं?

मालनबाई : हौ, बुडाशी ओल हाय. घर दोन पावलांवर तर हाय, दुसरं कोरडं घेऊन या.

सावित्रीबाई : स्वतः पुसून आणलंय मी! तुम्ही दोघी म्हणता तर... बरं बाई, आलेच. पण निखारे दुसऱ्या कुणाला देऊ नका.

मालनबाई : गेली. घमेलं ठणठणीत कोरडं हाय, पोरी. आता बोल.

मालती : रजनीला जरा धरता? नको, राहू द्या. कढई तापलीये.

मालनबाई : कढई तिकडं, मी इकडं. दे ती पोर. हां. बोल.

मालती : हा विस्तव तो नाही, मावशी.

मालनबाई : कोणता?

मालती : तुगयानीतला. तुमच्या सासूबाईंनी, जयवंताबाईंनी, दोन दिवस छपरावर बसून डोक्यावरच्या मडक्यात जपला, तो. सप्टेंबरात हिंदी फौज इकडे निघाल्याचं कळलं. स्टेशनवर बाँब पडतील म्हणून तुम्ही लेकीकडे नल्लकुंट्याला गेलात आणि मडकं माझ्या स्वयंपाकघरात ठेवलंत. राखेखाली पुरून ठेव म्हणालात, सकाळ-संध्याकाळ एक ढलपी घाल. सोमवारी घातली, मंगळवारी घातली, बुधवारी घातली. गुरुवारी रजनीला ताप चढला. हे तुरुंगात, घरात मी एकटी. रात्रभर तिच्या कपाळावर पट्ट्या. शुक्रवारी दुपारी आठवण झाली तेव्हा राख उकरली. पार तळापर्यंत हात घातला, मावशी. गार.

मालनबाई : मग?

मालती : काडेपेटीत तीन काड्या होत्या. दोन वाया गेल्या. तिसरीला माझी कॉलेजातली तर्कशास्त्राची वही फाडून घातली, तेव्हा कुठं धरलं. संध्याकाळी रेडिओवर आलं, लढाई थांबली. गल्लीत कुणी हसत होतं, कुणी रडत होतं, काही घरांची दारं बंद होती. आणि मी आपली फुंकणी घेऊन मडक्यापुढं.

मालनबाई : तर्कशास्त्र चांगलं पेटतं का गं?

मालती : हसू नका हो! तुम्ही परत येऊन बंडी लावलीत तो दिवस आठवतो? हमाल, टांगेवाले, बुरख्यातल्या बायका, सगळे एका रांगेत. एका म्हाताऱ्यानं चाकाला हात लावून नमस्कार केला. म्हणाला, राज्य बदललं, विस्तव तोच आहे. तीन महिने मी खिडकीतून ही बंडी बघते आहे. रजनी शिंकली तरी कपाळाला हात लावून बघते. बी.ए. झालेली बाई मी, मला कळतं हा वेडेपणा आहे. पण भामाची दोन बाळं गेलीत. तिसरीच्या उशाशी माझी खोटी काडी नको. गल्लीला सांगायचं तर सांगा. पण आज हे निखारे देऊ नका.

मालनबाई : मला ठाऊक हाय.

मालती : काय?

मालनबाई : विझल्याचं. तू मडकं परत आणलंस त्याच दिशी. जिचा विस्तव टिकतो ना, ती बाई मडकं ठेवती, घ्या तुमचं लोढणं म्हणती आन् घरला जाती. तू उभी ऱ्हायलीस. पहिला घाणा निघेस्तोवर. खाणाराचं तोंड वाकडं होतंय का, बघत.

मालती : ‘जिचा टिकतो’ म्हणजे? आधीही कुणाकडे...

मालनबाई : प्लेगात समदी माळावर झोपड्या टाकून ऱ्हायली, तवा विझला. मानमोडीचा ताप आला, आमचं घरच्या घर आडवं. मडकं दुसऱ्या घरी ठेवलं, तिथं विझला. ती बाई चार वर्सांनी येऊन रडली. अशीच, हितंच. तू चवथी.

मालती : चौथी!

मालनबाई : येऊन सांगणाऱ्यांत चवथी. न सांगणाऱ्या किती, देवाला ठाव. आन् एकदा तर माझ्याच हातनं. नामदेवाच्या टायमाला बाळंतीण होते, डोळा लागला. सासूच्या भ्यानं पदराखाली वाटी घेऊन पळत ठेसनात गेले. इंजिनाचा ड्रायवर होता करीमसाब. म्हटलं, भैया, एक निखारा दे. त्यानं फावडं भरून दिला! पंधरा दिस भज्यांना दगडी कोळशाचा वास. गिऱ्हाईक म्हणायचं, वा मालन, काय चव हाय आज!

मालती : म्हणजे हा... इंजिनातला विस्तव?

मालनबाई : मधी इंजिनाचा होता. मग कुणाकुणाच्या घरचा. आता तुझ्या वहीचा.

मालती : पण जयवंताबाईंचा तरी? छपरावरचा?

मालनबाई : मरायच्या आधी सासूनं जवळ बोलावलं मला. म्हणाली, मालन, वरनं पाऊस, खालनं मुसी, कसला विस्तव ऱ्हातोय? मडक्यात चिखल झाला होता. पाणी उतरल्यावर लंगराच्या, फुकट जेवण वाटत होते तिथल्या, चुलीतनं निखारा उचलला, भिजकं बेसन होतं तेच तळलं. लोकांनी इचारलं, बाई, ही आग कुठली? घर न्हाई, दार न्हाई, लेकरं गेलेली, अशी ती माणसं. सासूच्या तोंडातनं निघून गेलं, घरचीच हाय, वाचली. म्हणाली, मालन, ते ऐकून त्यांची तोंडं कशी झाली, तू बघायला पायजे होतीस.

मालती : चाळीस वर्षं, मावशी! आणि एकीनंही कधी गल्लीत तोंडातून काढलं नाही.

मालनबाई : काढून काय करणार? पेटवला ना परतेकीनं. कुणी इंजिनातनं, कुणी देवापुढच्या निरांजनावर. एक बी गार मडकं माघारी आलं न्हाई, पोरी. एक बी न्हाई.

मालती : मावशी, मानमोडीच्या साथीत मडकं कुणाच्या घरी होतं?

मालनबाई : मिरची खातीस का? कमी तिखट देते.

मालती : सावित्रीकाकूंच्या?

मालनबाई : मी कुणाचं नाव घेतलं न्हाई. तुझं बी घेणार न्हाई. आली बघ ती. हा चिमटा धर.

मालती : मी? नको. माझ्या हातानं नको.

मालनबाई : नक्को काय! लेकराला ऊब लागती. विस्तवाचं वय कोण पुसतंय? धर. वरचे घेऊ नको, खालचे घे, लाल.

सावित्रीबाई : हं, हे घ्या कोरडं. आता पुसलंही आणि उन्हात धरलंही. अगं, मालती भरतेय? एकेक निखारा किती निरखून उचलतेय!

मालनबाई : निरखू द्या. सप्टेंबरात तिनंच सांभाळलाय.

सावित्रीबाई : ते खरंच. भर गं, भर. आणि ऐकलं का, आत्ता रडली बरं का बाळी, चांगली माडीवर ऐकू जाईल अशी. पुरे, पुरे. वर राख घाल थोडी. ...मालती.

मालती : काय, काकू?

सावित्रीबाई : कोपऱ्यावर वारा फार आहे गं. घरापर्यंत विझणार नाही ना?

मालती : विझला तर मला हाक मारा, काकू. मी शेजारीच आहे.