अमेरिकेचा धडा

वसमतच्या स्टँडवर हिंगोलीच्या गाडीची वाट बघत साधना बाकावर टेकली. शेजारी एक आजी अन् कॉलेजात शिकणारी तिची नात बसली होती. नात परीक्षेचा इतिहास आजीला सांगत होती.

“चारशे वर्षांमागं एका पंथाचे लोक इंग्लंड सोडून जहाजानं अमेरिकेला गेले, आजी.”

“काहून?”

“राजा म्हणायचा, मी सांगतो तशीच प्रार्थना करा. त्यांना त्यांच्या मनासारखी करायची होती.”

“बराबर हाय. मंग केली का?”

“केली ना. रविवारी तर दिवसभर प्रवचन. पण दुसऱ्या पंथाचं कुणी आलं की फटके मारून गावाबाहेर काढायचे.”

“अगं बया! सोता तकलीफ भोगली, अन् दुसऱ्याला दार बंद?”

“व्हय.”

“लई कोत्या मनाचे निघाले की!”

“मंग रत्नपालला आपलं दार काहून बंद? त्याच्या घरी बुद्ध आहे म्हणूनच त्याच्याशी माझं लग्न नको म्हणतीस ना?”

हिंगोलीची गाडी लागली, पण आजी काय म्हणते ते ऐकायला साधना जागची हलली नाही.

“धपाटे खातो का गं तो?” आजीनं विचारलं.

“खातो. करतो बी.”

“मंग बोलव रविवारी. पीठ मी मळते, भाजू दे त्याला. त्याच्या हातचं खाऊन बघते.”

नातीनं भर स्टँडवर आजीला मिठी मारली.

“अगं सोड, पदर पडला माझा!”