हे तिकडे काय काम करायचे

सगळ्यांना जयभीम. लोहाऱ्यातली माझी माणसं एवढ्या उन्हात यांच्या शोकसभेला आलात. मला बोलायची सवय नाही. चुकलं तर सांभाळून घ्या.

आत्ता माझे दीर प्रकाशभाऊजी म्हणाले, त्यांचे दादा इस्रायलमध्ये कंपनीत साहेब होते. भाऊजी, तुम्ही मायेनं बोललात. पण ते खरं नाही. माझे पती सुधाकर हैफा शहरात एका म्हाताऱ्या माणसाला सांभाळायचे. अंघोळ घालायचे, भरवायचे, डायपर बदलायचे. आठ वर्षं.

ते म्हणजे एझ्राआजोबा, ज्यू, बगदादहून आलेले. खालच्या मजल्यावर नादिया, अरब मुसलमान. आजोबा तिच्याशी अरबीतच गप्पा मारायचे. वर रशियाहून आलेली एक ज्यू बाई. मी वाचनालयातून त्या देशाची पुस्तकं आणली. त्यात लढायाच होत्या. यांच्या फोनवर मात्र या शेजाऱ्यांच्या जिन्यातल्या गप्पा असायच्या.

पहिल्याच वर्षी आजोबांचा सण आला. त्या आठवड्यात ज्यू घरात पाव चालत नाही, पीठ चालत नाही. यांना वाटलं, आपल्या पोळीत कुठं खमीर असतं? लाटल्या चार. पण त्या सणात घरी भिजवलेली कणीकही खमीरच धरतात. आजोबांची मुलगी रडायलाच लागली. सगळं स्वयंपाकघर पुन्हा धुवायचं. यांना वाटलं, गेली नोकरी. आजोबा मुलीला म्हणाले, "याला कोणी सांगितलं होतं का? चूक आपली." आणि यांचा पिठाचा डबा नादियाकडे पाठवला.

मग दरवर्षी तसंच. फोनवर हे हसायचे, "माह्यं पीठ माहेरी गेलं." आठवडाभर नादियाकडे पोळ्या लाटायचे. वरची बाई चोरून खायला उतरायची, आजोबांना सांगू नका म्हणायची. आजोबांना सगळं ठाऊक होतं.

एकदा मी विचारलं, तुमचं काम काय म्हणून सांगू? हे म्हणाले, "आजोबा सोताच्या पोरायले हात लावू देत नाही, मलेच देतात. थेच सांग लोकायले. लपवतं कायले?"

मी लपवलं. विचारलं कोणी, की दवाखान्यात नोकरीला आहेत म्हणायचे. त्याची मला आज लाज वाटते. त्यांच्या कामाची कधीच नाही.

आपल्या आजे-पणज्यांवर दुसऱ्यांची घाण लादली गेली. म्हणून भाऊजींना हे काम सांगवत नाही, मला कळतं. पण यांनी ते स्वतः निवडलं. आणि चांगलं केलं.

आता दोन मिनिटं शांत उभं राहू. एक विनंती आहे. ज्यांनी कधी म्हाताऱ्या माणसाला अंघोळ घातली, त्याचे ओले कपडे बदलले, त्यांनी आधी उठावं. बाकीच्यांनी त्यांच्यामागून.