कायमचा हजेरीपट

पूर्वाला घाई होती, पण शिवाजीनगर कोर्टाबाहेरच्या नोटरीपुढे उभे असलेले दोघे हलायला तयार नव्हते. कांताबाईंपुढे टाइप केलेला कागद होता, आणि त्यांच्या कारखान्यातला एचआरचा राकेश पेन पुढे करत होता.

"मावशी, करा ना सही. अवमान याचिका मागे घेतली की सोमवारपासून ड्युटी."

"मला परत घ्या म्हणून हायकोर्टाने सांगितलं, त्याला दोन वर्षं झाली. तेवढ्या काळात एकही सोमवार आला नाही वाटतं?"

"आता घेतलंय ना! हा बघा हजेरीपटाचा फोटो. तुमचं नाव आहे."

"माझ्या वरचं नाव वाचा."

"मंगल साठे."

"मंगल ठेकेदाराकडे आहे. ही ठेकेदाराची वही. मी एकोणीस वर्षं कायमच्या पटावर सही केलीय."

"थोडे दिवस अ‍ॅडजस्ट करा. पुढचं नंतर बघू."

"मग याचिकेचंही नंतर बघू."

"मोठे साहेब चिडतील हो."

"चिडू देत. फक्त हायकोर्टात येऊन चिडा म्हणावं."

"बाई, सही करताय का? मागे रांग आहे," नोटरी म्हणाले.

"करणार तर!" कांताबाईंनी पेन राकेशच्या खिशाला लावलं आणि मागे उभ्या पूर्वाकडे वळल्या. "तुम्ही व्हा पुढे, ताई. मी आधी कायमच्या पटावर सही करून येते."