पहिल्या वर्षाचं रसायनशास्त्राचं पुस्तक

...आणि म्हणे निवड समिती! समितीत माणसं दोन, मी आणि विभागप्रमुख विलिमोने सर. तुम्हाला सांगते, निवडायचं होतं पुस्तक. पुस्तक हो, नवरा नव्हे!

सरांनी उचलून आणला एक बाराशे पानी धोंडा. उघडला, तर पहिलंच उदाहरण : रस्त्यावर बर्फ साचलं की मीठ का टाकतात? आणि हे फिजीत, सुवा शहरात! अहो, इथे बर्फ दिसतं ते मासळीबाजारात, तेही माशाखाली! मी म्हटलं, "सर, मुलांना कसं कळणार?" तर सर घसा खाकरून, "लोसालिनी, न कळणं हीच विज्ञानाची सुरुवात!"

मी मान डोलावली. माझ्या बढतीचा कागद त्यांच्याच टेबलावर, सहीविना.

शेवटी म्हटलं, एखाद्या विद्यार्थिनीलाच विचारू. बोलावली पहिल्या वर्षाची अकानिसी. ती म्हणते, "आम्ही पुस्तक घेतच नाही सर, आमच्याकडे हे आहे," आणि पिशवीतून काढला झेरॉक्सचा गठ्ठा. कडा कुरतडलेल्या, त्यावर खोबरेल तेलाचे डाग...

ओईलेई! अक्षर माझं!

बारा वर्षांपूर्वी लाऊ बेटांवरच्या एका मुलीची बोट चुकली, महिनाभराचे तास बुडाले, म्हणून मी हाताने लिहून दिलेल्या नोट्स! त्या या बेटावरून त्या बेटावर फिरत राहिल्या, आणि मला पत्ता नाही! निवडायचं होतं पुस्तक हो, फक्त पुस्तक!

सर म्हणाले, "असल्या चिटोऱ्यांवर शिकता? वाच बघू कुठलंही पान!"

आणि तिनं काढलं नेमकं द्रावणांचं प्रकरण, कावा या आमच्या मुळ्यांच्या पेयाचं उदाहरण असलेलं. खणखणीत आवाजात वाचते, "कावाच्या वाडग्यात पाणी ओतत गेलं की कावा पातळ होत जातो. उदाहरणार्थ, विलिमोने सरांचा तास. पहिली पाच मिनिटं कडक, पुढे नुसतं पाणी."

पोरगी वाचून मोकळी झाली, मग तिला उमगलं आणि तिनं पिशवी तोंडावर धरली.

"कुणी लिहिलंय हे?" सर.

गप्प बसता आलं असतं. नोट्सवर नाव नव्हतं. पण उद्या त्या पोरीवरच शेकलं असतं. म्हटलं, "मी, सर."

सरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला, पुन्हा काढला... बढती गेली, मी मनात म्हटलं, आता गावी जाऊन कसावा लावायचा! आणि सर तिलाच विचारतात, "यावरून तुला कळलं?"

"एका वाचनात, सर." पिशवीआडूनच.

सर हळूच, "तीस वर्षं शिकवतोय मी हे..." आणि तो धोंडा बाजूला सारला. "हेच छापायचं. लोसालिनी, जानेवारीपर्यंत तीनशे पानं कर. ते उदाहरण राहू दे."

मी थक्क! अहो, निवडायचं होतं पुस्तक, लिहायचं कुणी म्हटलं होतं?

लिहिलं. छापून आलं. मुखपृष्ठावर दोन नावं, आधी विलिमोने, मग लोसालिनी. विचारलं, तर सर म्हणतात, "वर्णक्रमाने घातलीत."

आता रसायनशास्त्राच्या माणसाला बाराखडी मी कुठे शिकवू?